ब्राउझरमधली एस्केप रूम: आधी कुलूप वाचा, मग खोली

तोशिमित्सु ताकागी या जपानी गेमकाराचा 'क्रिमझन रूम' २००४ मध्ये आला. लाल भिंतींची बंद खोली आणि तिथून बाहेर पडायचं, एवढंच काम. आज ब्राउझरमध्ये जे शेकडो फुकट एस्केप गेम सापडतात त्यांतले बहुतेक याच घाटाचे आहेत: क्लिक करत वस्तू गोळा करा, कुलपं उघडा, दार गाठा. पैसे भरून आत कोंडून घेण्याच्या खऱ्या खोल्या नंतरच्या. २००७ मध्ये क्योतोत ताकाओ काटो यांच्या 'स्क्रॅप'ने तो प्रकार सुरू केला, तोवर पडद्यावरच्या खोल्यांचे चाहते चांगले मुरलेले होते.

या गेममध्ये माणूस अडकतो तो सहसा कोडं कठीण असतं म्हणून नाही. एक तर खोलीतली एखादी वस्तू दिसलेलीच नसते. किंवा दिसलेली असते, पण ती कुठल्या कुलपाची हे जुळत नाही. किंवा उत्तर बरोबर असतं आणि टाकण्याची पद्धत चुकते. पहिल्या आणि तिसऱ्यावर सरळ इलाज आहेत. खरी मेहनत दुसऱ्यावर लागते.

बसण्याआधीची तयारी

ब्राउझरचा झूम १०० टक्क्यांवर ठेवा (कंट्रोल आणि शून्य). झूम बदललेला असला की काही जुन्या गेममध्ये दिसणारी वस्तू एकीकडे आणि क्लिकची जागा दुसरीकडे असा घोळ होतो. चित्र लहान वाटत असेल तर गेममधलंच फुलस्क्रीनचं बटण वापरा. आवाज चालू हवा, आणि त्या टॅबचा आवाज बंद केलेला नाही ना तेही बघा. दूरवर कप्पा उघडल्याची 'टक्' ही कित्येकदा एकमेव सूचना असते.

इन्कॉग्निटो खिडकीत खेळू नका. सेव्ह केलेला खेळ ब्राउझरच्या साठ्यात राहतो, ती खिडकी बंद झाली की तो गेला. कुकी आणि साइटचा डेटा साफ केला तरी तेच होतं. खेळ सुरूच होत नसेल तर जाहिरात अडवणारं एक्स्टेन्शन त्या साइटपुरतं बंद करून बघा. काही साइटवर आधीची जाहिरात अडली की गेमही लोड होत नाही.

फ्लॅशवर, म्हणजे ब्राउझरमध्ये खेळ चालवण्याच्या अडोबीच्या जुन्या तंत्रावर, बनलेल्या गेमची गोष्ट वेगळी. अडोबीने फ्लॅशला दिलेला आधार ३१ डिसेंबर २०२० ला संपला आणि १२ जानेवारी २०२१ पासून प्लेअरने खेळ चालवणंच थांबवलं. आता हे गेम 'रफल' या एम्युलेटरमधून, म्हणजे जुन्या प्लेअरची नक्कल करणाऱ्या प्रोग्राममधून, चालतात. बऱ्याच साइटनी तो स्वतःच बसवला आहे. ॲक्शनस्क्रिप्ट या फ्लॅशच्या प्रोग्रामिंग भाषेच्या पहिल्या दोन आवृत्त्यांतले गेम त्यात सहसा नीट चालतात, तिसरीतले कधी अर्धवट. बटण दाबूनही काहीच हलत नसेल तर आधी एम्युलेटरवर संशय घ्या आणि तोच गेम 'फ्लॅशपॉइंट' या संग्रहातून चालवून बघा. फ्लॅशच्या काळात टॅब कळ दाबली की क्लिक होणाऱ्या जागांभोवती पिवळी चौकट उमटायची, ती चलाखी आजच्या एचटीएमएल५ गेममध्ये चालत नाही.

माऊस असेल तर माऊसच घ्या. कर्सर क्लिक होणाऱ्या जागेवर गेला की बाणाचा हात होतो, निदान ज्या गेमकाराने ती सोय ठेवली आहे त्याच्या खेळात तरी. मोबाइलवर बोट टेकवल्याशिवाय काही कळत नाही. आणि कागद-पेन्सिल लागतेच. स्क्रीनशॉट काढले (विंडोजवर विंडोज, शिफ्ट आणि एस) तरी जुळवाजुळव कागदावर लवकर होते.

खोली झाडून घ्या

पहिली फेरी काहीही सोडवायला न जाता करायची. डावा-उजवा बाण दाबत सगळ्या भिंती मोजा. सहसा चार असतात. पाचवी जागा, म्हणजे छत, जमीन किंवा बाजूची खोली, वर-खाली बाणामागे दडलेली असू शकते. मग प्रत्येक फर्निचरजवळ जा. जवळ गेल्यावर पडद्याच्या खाली मागे येण्याचा बाण असतो, पण त्याच दृश्यात डाव्या-उजव्या कडेला आणखी बाण आहे का ते पाहा. सोफ्याची बाजू, कपाटाची मागची फट, टेबलाची खालची बाजू ही तिथूनच दिसतात.

लपवण्याच्या जागा ठरलेल्या आहेत: उशीखाली, गालिच्याच्या कोपऱ्यात, पडद्यामागे, कुंडीमागे, तसबिरीच्या मागे, कचऱ्याच्या डब्यात, फ्रिजच्या वर, दाराच्या आतल्या बाजूला, पुस्तकांच्या मधल्या फटीत. उशी एका क्लिकने सरकते, पण दुसरी उशी वेगळी क्लिक करावी लागते. खण उघडल्यावर आत पुन्हा क्लिक करा, कारण खोल खणात मागे काही असलं तर ते पहिल्या नजरेत दिसत नाही. काही जुन्या गेममध्ये तर पलंगाच्या कडेचे चार-पाच पिक्सेलच क्लिक होतात. तिथे कर्सर ओळीने डावीकडून उजवीकडे फिरवण्याला पर्याय नाही. गेमकाराचा हा आळशीपणाच, पण तुमच्या हातात तेवढंच असतं.

फिरताना दोन याद्या करा. एकीत कुलपं, दुसरीत खुणा. खूण म्हणजे ज्यात रंग, संख्या, दिशा किंवा आकार आहे आणि जे नुसतं सजावट म्हणून जरा जास्तच नेमकं वाटतं ते सगळं. तीन पिवळी आणि पाच निळी फुलं असलेली फुलदाणी ही सजावट नसते.

कुलूप काय मागतंय

नवखा खेळाडू खुणेकडे टक लावून बसतो आणि 'याचा अर्थ काय' म्हणून डोकं खाजवतो. सवयीचा खेळाडू कुलपाकडे बघतो. उत्तर कोणत्या रूपात हवं आहे, हे कुलूप स्वतःच सांगत असतं. किती चाकं, त्यांवर काय, किती बटणं, कोणते रंग, मांडणी कशी, शेजारी काही कोरलंय का, एवढं कागदावर उतरवलं की खोलीतल्या वीसपैकी सतरा खुणा त्या कुलपापुरत्या बाद होतात.

समजा, एका पेटीवर अंकांची चार चाकं आहेत आणि त्यांच्यावर चार ठिपके: निळा, लाल, लाल, हिरवा. यातून बरंच कळतं. हव्या असलेल्या संख्या चार नसून तीनच आहेत, लाल दोनदा येतो. खूण अशी हवी जिच्यात हे तिन्ही रंग आहेत आणि प्रत्येक रंगाचं काहीतरी मोजता येतं. आता यादी बघा. भिंतीवरच्या घड्याळात रंग नाहीत, बाद. तसबिरीत लाल-निळे पक्षी आहेत पण हिरवा नाही, बाद. फडताळावर चार निळी, दोन लाल, सात हिरवी आणि तीन पिवळी पुस्तकं आहेत. उत्तर ४२२७. पिवळी पुस्तकं एक तर नुसती चकवा म्हणून ठेवलेली असतात किंवा दुसऱ्या कुलपासाठी. कागदावर 'पिवळी ३, शिल्लक' असं लिहून ठेवा. चांगल्या गेममध्ये शिल्लक राहिलेली खूण पुढे कामाला येते.

दुसरा नमुना: फक्त डावं आणि उजवं अशी दोनच बटणं. म्हणजे उत्तर हा क्रम आहे, आणि खूण अशी हवी जिच्यात प्रत्येक गोष्टीच्या दोनच अवस्था आहेत. डावीकडे-उजवीकडे तोंड केलेले पक्षी, कललेल्या तसबिरी, ओळीत ठेवलेले डावे-उजवे बूट. क्रमाची लांबी कुलूप सांगत नाही, खुणेतल्या वस्तू मोजाव्या लागतात.

तिसरा: तीन बाय तीनची चौकट, प्रत्येक घर दाबलं की रंग बदलतं. इथे संख्या शोधू नका, खोलीत तीन बाय तीन काय आहे ते शोधा. खिडकीची तावदानं, फरशा, गादीवरच्या उशा, चॉकलेटची वडी. मांडणीचा आकार जुळला की निम्मं काम झालं. घर आळीपाळीने तीन रंग दाखवत असेल तर खुणेतही तीनच प्रकार हवेत. दोनच दिसत असतील तर खुणेचा एक भाग अजून कुठेतरी लपला आहे.

क्रम हा वेगळा प्रश्न धरा. चार अंक मिळाले पण कोणता आधी, हे कित्येकदा दुसऱ्याच ठिकाणी दिलेलं असतं: खुणेच्या कोपऱ्यात एक, दोन, तीन ठिपके, मेणबत्त्यांची उंची, भिंतीवर डावीकडून उजवीकडे येणारा रंगांचा क्रम. सात रंग असतील आणि दुसरं काहीच नसेल तर शाळेतलं तानापिहिनिपाजा आधी लावून बघा, जपानी गेमकारही इंद्रधनुष्याचा क्रम हमखास वापरतात.

अंदाज किती पुढे न्यायचा याचं गणित सोपं आहे. चार चाकांच्या कुलपाचे १०,००० पर्याय होतात. चारही वेगळे अंक माहीत असून फक्त क्रम नसेल तर २४. त्यातला एक अंक दोनदा येत असेल तर १२. एकच चाक अज्ञात असेल तर १०. सहा रंगांची चार बटणं म्हणजे १,२९६. चोवीसपर्यंत खुशाल ठोकून काढा, त्यात कमीपणा काही नाही. त्यापुढे वेळ वाया जातो, आणि काही गेम तर खूण पाहिल्याशिवाय बरोबर आकडाही स्वीकारत नाहीत.

उत्तर टाकतानाची एक खोड लक्षात ठेवा. बटणांची पुष्कळ कुलपं आधी दाबलेली बटणं विसरत नाहीत. तुम्ही गंमत म्हणून दोनदा दाबून पाहिलं आणि मग बरोबर क्रम दाबला, तर कुलपाच्या लेखी तो क्रम दोन घरं सरकलेला असतो. म्हणून मागे या, पुन्हा जवळ जा आणि पहिल्या दाबापासून स्वच्छ सुरुवात करा. शेजारी हँडल किंवा छोटं बटण असेल तर ते वेगळं दाबावं लागतं. नसेल तर शेवटचा अंक बरोबर बसताच कुलूप आपोआप उघडतं.

पुन्हा पुन्हा भेटणाऱ्या खुणा

घड्याळ: ७:३५ म्हणजे ७३५, ०७३५ किंवा १९३५. कुलपाला चार चाकं असतील तर पहिला पर्याय आपोआप गेला. दोन्ही काटे सारख्या लांबीचे दाखवले असतील तर तास काटा ओळखण्याची युक्ती आहे: ३:४० ला तो तीन आणि चारच्या मध्ये दोन-तृतीयांश पुढे असतो. जो काटा मिनिटांशी असा जुळतो तो तासाचा. काटे नेमके आकड्यांवरच बसवलेले असतील तर गेमकाराने वेळ नाही, दोन दिशा दिल्या आहेत असंही असू शकतं.

डिजिटल अंक: सात पट्ट्यांचे आकडे आरशात पाहिले की २ आणि ५ यांची अदलाबदल होते. अर्धा फेरा फिरवून उलटे केले तर ६ आणि ९ यांची होते, २ आणि ५ मात्र तसेच राहतात. अर्धवट पेटलेल्या पट्ट्या दोन ठिकाणी दिसल्या तर एकावर एक ठेवून बघा. काड्यापेटीच्या काड्यांची चित्रंही बहुधा हेच सांगतात: १ ला दोन पट्ट्या, ४ ला चार, ८ ला सात.

फासे: समोरासमोरच्या बाजूंची बेरीज सात. न दिसणारी बाजू विचारली असेल तर वजाबाकी पुरे. जपानी फाशावर एकचा ठिपका लाल असतो, तो लाल रंगाची खूण समजून फसू नका.

पत्ते: गुलाम ११, राणी १२, राजा १३. कुलपावर बदाम-इस्पिक कोरलेले असतील तर पत्त्यांचा क्रम तिथूनच.

पियानो: दोन काळ्या पट्ट्यांच्या जोडीच्या लगेच डावीकडची पांढरी पट्टी म्हणजे सी. तिथून डी, ई, एफ, जी, ए, बी. भिंतीवर इंग्रजी अक्षरांचा शब्द असेल आणि त्यातली सगळी अक्षरं ए ते जी यांच्यातलीच असतील तर तो बहुधा वाजवायचा आहे. सूर कानाने ओळखायचे असतील तर सीला सा धरून पांढऱ्या पट्ट्यांवर सा रे ग म प ध नी मोजा, पेटी वाजवणाऱ्यांना हे कोडं फुकटात सुटतं.

ब्रेल आणि मोर्स: ब्रेलच्या एका अक्षरात दोन स्तंभ आणि तीन ओळी, असे सहा ठिपके. अंकांसाठी ए ते जे हीच अक्षरं वापरतात, त्यामुळे खालची ओळ कायम रिकामी दिसली तर बहुधा अंक आहेत. मोर्समध्ये प्रत्येक अंकाला पाच खुणा: १ म्हणजे एक टिंब आणि चार रेघा, ५ म्हणजे पाच टिंबं, ६ म्हणजे एक रेघ आणि चार टिंबं, ० म्हणजे पाच रेघा. लुकलुकणारा दिवा पाचपाचच्या गटात थांबत असेल तर हेच समजा.

जपानी मजकूर: चित्रात रंगवलेला मजकूर ब्राउझरच्या भाषांतराला दिसत नाही, फोनचा कॅमेरा पडद्यावर धरून भाषांतर करावं लागतं. पण थोडं डोळ्यांनीच जमतं. एक, दोन, तीन या अंकांसाठी तितक्याच आडव्या रेघा असतात. दहा अगदी अधिकच्या चिन्हासारखा दिसतो आणि त्यामुळेच लोक तिथे बेरीज करत बसतात. आठ म्हणजे वरच्या बाजूला एकमेकांकडे झुकलेल्या, पण न चिकटणाऱ्या दोन तिरक्या रेघा. वारांची गंमत आपल्याला सोपी जाते: जपानी वारही ग्रहांच्याच क्रमाने येतात, आणि रविवारपासून त्यांची चिन्हं सूर्य, चंद्र, आग, पाणी, लाकूड, सोनं, माती अशी आहेत. ज्वाळा, थेंब आणि झाड अशी तीन चित्रं दिसली तर मंगळ, बुध, गुरू समजा आणि दिनदर्शिका शोधा.

चित्रांच्या बेरजा (दोन सफरचंदं अधिक एक केळं वगैरे) सोडवताना शेवटच्या ओळीतलं चित्र मोठं करून पाहा. घडात एक केळं कमी असतं. गुणाकार बेरजेच्या आधी, हे विसरूनही बरेच जण चुकतात.

यंत्रासारखी कोडी

काही कुलपांना खोलीत खूण नसतेच, ती जागीच सोडवायची असतात. यांना पद्धती आहेत, नुसतं हात चालवून ती क्वचितच सुटतात.

दिवे विझवण्याचं कोडं: एक दाबलं की तो आणि वर-खाली-शेजारचे दिवे उलटतात. दाबण्याच्या क्रमाने फरक पडत नाही, आणि एकच दिवा दोनदा दाबणं म्हणजे न दाबणं. पहिल्या ओळीत जे दिवे पेटलेले आहेत त्यांच्या बरोबर खालचे दुसऱ्या ओळीतले दाबा, मग दुसऱ्या ओळीतल्या पेटलेल्यांच्या खालचे तिसऱ्या ओळीतले, असं तळापर्यंत जा. शेवटी फक्त तळाची ओळ उरते. तीन बाय तीनमध्ये पुढचं असं:

- तळात फक्त डावा पेटलेला: वरच्या ओळीत डावा आणि मधला दाबा.
- फक्त उजवा: मधला आणि उजवा.
- फक्त मधला: तिन्ही.
- डावा आणि मधला: फक्त उजवा.
- मधला आणि उजवा: फक्त डावा.
- दोन्ही टोकांचे: दोन्ही टोकांचे.
- तिन्ही: फक्त मधला.

मग वरून खाली तीच फेरी पुन्हा करा, सगळे विझतात. पाच बाय पाचमध्ये घरांना डावीकडून १ ते ५ क्रमांक द्या. तळात १, ५ उरले तर वर १, २ दाबा. २, ४ उरले तर १, ४. १, २, ३ उरले तर २. ३, ४, ५ उरले तर ४. १, ३, ४ उरले तर ५. २, ३, ५ उरले तर १. १, २, ४, ५ उरले तर ३. तळात याहून वेगळं काही उरलं असेल तर फेरीत कुठेतरी दाब चुकला आहे. सगळे दिवे पेटवायचे असतील तर पेटलेला आणि विझलेला यांची अदलाबदल करून हीच रीत वापरा.

सरकत्या तुकड्यांचं चित्र (तीन बाय तीन, एक घर रिकामं; वरच्या ओळीचे तुकडे डावीकडून १, २, ३ धरा): आधी वरची ओळ पुरी करा, मग डावा स्तंभ, आणि उरलेल्या चार घरांत तुकडे गोल फिरवा. वरच्या ओळीचा शेवटचा तुकडा अडतो तो असा सोडवा: २ नंबरचा तुकडा उजव्या कोपऱ्यात, त्याच्या बरोबर खाली ३ आणि वरचं मधलं घर रिकामं अशी स्थिती आणा, मग २ डावीकडे आणि ३ वर सरकवा.

चकत्यांचा मनोरा (तीन खांब, एका वेळी एकच चकती हलवत सगळा मनोरा शेवटच्या खांबावर न्यायचा, लहानावर मोठी ठेवायची नाही): तीन चकत्यांना कमीत कमी ७ हालचाली, चारांना १५, पाचांना ३१. एकाआड एक चाल सर्वांत लहान चकतीची, आणि ती कायम एकाच दिशेने. मधल्या चालीत लहान चकती सोडून जी एकच हालचाल शक्य असते ती. चकत्या विषम असतील तर लहान चकती पहिल्यांदा शेवटच्या खांबावर, सम असतील तर मधल्यावर.

पाच आणि तीन लिटरच्या भांड्यांतून चार लिटर: पाचचं भरा, तीनमध्ये ओता, तीनचं रिकामं करा, उरलेले दोन त्यात टाका, पाचचं पुन्हा भरा आणि त्यातून तीनचं काठोकाठ करा. मोठ्यात चार राहतात.

हातातल्या वस्तू

वस्तू उचलली की एकदा क्लिक करून निवडली जाते. पुन्हा क्लिक केल्यावर किंवा शेजारचं भिंगाचं बटण दाबल्यावर ती मोठी दिसते. या मोठ्या दृश्यात बरेच लोक फसतात, कारण ते तिथे आणखी क्लिक करत नाहीत. कार्ड उलटता येतं, पेटीचं झाकण उघडतं, खेळण्याच्या तळाशी स्क्रू असतो. दोन वस्तू जोडायच्या तर सहसा पहिली मोठी करून ठेवायची, मग यादीतून दुसरी निवडायची आणि मोठ्या चित्रावर क्लिक करायचं. उलट क्रमाने चालत नसेल तर अदलाबदल करून बघा.

स्क्रू ड्रायव्हर मिळाला की खोलीतले स्क्रू आठवा, म्हणून पहिल्या फेरीत स्क्रूही लिहून ठेवायचे असतात. मूठ आणि पातं वेगवेगळं मिळणं, बॅटरी दोन लागणं, रिमोट रिकामा असणं हे नेहमीचंच. दिव्याचं बटण दाबून खोली अंधारी केली तर भिंतीवर आकडे चमकतात का, हे एकदा जरूर तपासा. वापरून झालेली वस्तू यादीतून गायब होते. झाली नसेल तर तिचं काम बाकी आहे, निदान बहुतेक गेममध्ये.

'रस्टी लेक' या डच जोडीची २०१५ पासूनची 'क्यूब एस्केप' मालिका मात्र हा शिरस्ता पाळत नाही. तिथला तर्क स्वप्नातला आहे, त्यामुळे प्रत्येक वस्तू प्रत्येक प्राण्यावर, माणसावर, खिडकीवर लावून बघणं हाच शहाणपणा. पोलंडच्या मातेउश स्कुतनिक यांच्या 'सबमशीन'मध्ये (पहिला भाग २००५) अडचण वेगळी: खोल्या इतक्या की आधी नकाशा काढावा लागतो. प्रत्येक खोलीला चौकोन, प्रत्येक शिडीला रेघ, उघडं राहिलेलं दार लाल पेनाने.

शाळेच्या गूगल फॉर्मवरच्या खोल्या

शिक्षक बनवतात त्या डिजिटल एस्केप रूम बहुधा गूगल फॉर्मवर असतात. प्रत्येक विभागात एक प्रश्न, आणि उत्तर नेमकं जुळल्याशिवाय पुढचं पान उघडत नाही. इथे बरोबर उत्तर नाकारलं जाण्याचं मोठं कारण लिपी आहे. मराठी कळफलकावरून टाइप केलेला ४ आणि इंग्रजी कळफलकावरचा चार ही संगणकासाठी दोन वेगळी अक्षरं आहेत. अंक नाकारला तर कळफलक बदलून पुन्हा टाका. शब्द असेल तर ऱ्हस्व-दीर्घ आणि अनुस्वार तपासा, शब्दाच्या आगेमागे रिकामी जागा सोडू नका. इंग्रजी शब्दात कॅपिटल-स्मॉलचाही फरक धरला जाऊ शकतो. तुम्हीच असा फॉर्म बनवत असाल तर उत्तर कोणत्या लिपीत आणि किती अक्षरी हवं हे प्रश्नातच लिहा, नाहीतर मुलं कोड्यात अडकण्याऐवजी टायपिंगमध्ये अडकतील.

गाडी अडली की

आधी शेवटचं काय उघडलं ते आठवा. एक कुलूप उघडल्यावर दुसऱ्याच भिंतीवर बदल होतो, हे या गेमचं आवडतं खोडसाळपण. म्हणून प्रत्येक यशानंतर चारही भिंतींची एक झटपट फेरी. मग दोन्ही याद्या समोरासमोर ठेवा. कुलूप उरलंय आणि त्याला साजेशी खूण नाही, तर शोध अपुरा आहे. खूण उरली आहे आणि कुलूप नाही, तर बहुधा कुलूप अजून दिसायचं आहे, तिच्यावर डोकं फोडू नका. दोन्ही उरली असून जुळत नसतील तर कुलूप काय मागतंय हे पुन्हा पहिल्यापासून लिहा. रंगांत फरक करणं अवघड जात असेल तर स्क्रीनशॉट काढून एखाद्या चित्रांच्या ॲपमध्ये रंगाचं पिपेट लावा. फिकट हिरवा आणि पिवळा, जांभळा आणि निळा यांत पडद्यामुळेही फसगत होते.

उत्तरांचं पान बघायचंच असेल तर पूर्ण वाचू नका. तुम्ही जिथे आहात ती वस्तू त्या पानात शोधा आणि फक्त तिच्या पुढची एक ओळ वाचा. बहुतेकदा 'सोफ्याच्या डाव्या बाजूला क्लिक करा' एवढीच कमतरता असते. पानावरचा आकडा चालत नसेल तर गेम प्रत्येक खेळीत आकडे बदलणारा असू शकतो. अशा वेळी आकडा सोडा, तो कुठून काढला आहे तेवढं घ्या.

दार उघडल्यावरही लगेच बाहेर पडू नका. यादीत वस्तू शिल्लक असेल किंवा एखादं कुलूप बंदच राहिलं असेल तर गेमला दुसरा शेवट असण्याची शक्यता दाट. सेव्हची सोय असेल तर दारावर क्लिक करण्याआधी सेव्ह करा. नसेल तर सगळं पुन्हा करावं लागतं, पण आकडे कागदावर असल्याने आणि वस्तूंच्या जागा माहीत असल्याने दुसरी खेळी पहिलीच्या पावपट वेळात होते. खूण पाहिल्याशिवाय आकडा न स्वीकारणारा गेम असेल तर तेवढ्या खुणांवरून एकदा क्लिक करत जा.